नादस्फटिक श्रेणी : वटपद्राच्या कथाखेळासाठी सूचना हव्यात

मांडवीकर

नमस्कार मंडळी,

आमचा बडोद्यातला एक गट रविवारी दुपारी दांडिया बाजारात जमतो आणि फासे टाकून कथाखेळ खेळतो. एकजण सूत्रधार, बाकीचे आपापलं पात्र घेऊन कथेत उतरतात, फासे पडतील तशी कथा वळते. कॉलेजातली पोरं आहेत, दोन शिक्षिका आहेत, बँकेतून निवृत्त झालेले एक काका आहेत. आजवर आम्ही बाहेरून आलेली तयार जगं वापरली. बर्फाचे डोंगर, किल्ले, ड्रॅगन. यंदा ठरलं की जग आपल्या मातीतलं हवं. सूत्रधार मी, तेव्हा ते उभं करायचं काम माझ्याकडे आलं.

गावाचं नाव वटपद्र. इ.स. ८१२ च्या ताम्रपटात बडोदं याच नावाने येतं, अंकोट्टकाच्या म्हणजे आजच्या अकोट्याच्या चौऱ्याऐंशी गावांपैकी एक. आमच्या वटपद्रात नादस्फटिक श्रेणी, म्हणजे एका धंद्यातल्या कारागिरांचा संघ, राहते. ग्रह फिरताना प्रत्येकजण एकेक स्वर धरून असतो, आणि तो स्वर ढळला की खाली काहीतरी बिघडतं, अशी कल्पना आहे. विश्वामित्रीला अवेळी पूर येतो आणि मगरी गल्लीत शिरतात. विहिरी खारट होतात. एका घरातल्या माणसांना एकमेकांचं बोलणं कळेनासं होतं. अशा वेळी श्रेणीने स्फटिक घेऊन बसायचं आणि ढळलेला स्वर परत लावून द्यायचा.

श्रेणीचा नमुना मी मंदसोरच्या शिलालेखातून उचलला. आपल्याच लाट देशातून, म्हणजे दक्षिण गुजरातेतून, रेशीम विणणाऱ्यांची एक श्रेणी दशपुराला, म्हणजे आजच्या मंदसोरला गेली, तिथे त्यांनी इ.स. ४३७ च्या सुमारास सूर्याचं देऊळ बांधलं आणि पुढे ४७३ च्या सुमारास त्याची डागडुजीही केली. वत्सभट्टीने रचलेल्या त्या लेखात या विणकरांचं वर्णन आहे. काही ज्योतिषाकडे वळले, काही धनुष्यबाणाकडे, काही आपल्या मागावरच राहिले, आणि तरीही सगळे एकाच श्रेणीचे. मला हे फार आवडतं. एकट्या जादूगारापेक्षा धंद्याने बांधलेली माणसं मला जवळची वाटतात.

आमच्या श्रेणीत पारखी आहेत, भट्टीवाले आहेत, दगड फोडणारे, घासणारे, विंधणारे आहेत, आणि शेवटी स्वरधारी, म्हणजे दगडासमोर बसून गाणारे. दगड स्वतःहून काही करत नाही, तो स्वर धरून ठेवतो आणि गाणारा थांबला तरी सोडत नाही. इथवर जमलं आहे.

अडलंय ते पुढे. या जादूची किंमत काय असावी? फुकटची जादू दोन रविवारांत कंटाळवाणी होते, हे खेळणाऱ्यांना माहीत आहेच. आणि ‘विश्वाचा मेळ’ म्हणजे नेमकं काय, तो साधला हे पात्रांना कशावरून कळायचं? गोल फिरणारा निळा प्रकाश वगैरे नको आहे.

पाणीगेट

वाचतोय. वाचनखूण साठवली. अकोट्याला सापडलेल्या जैन कांस्यमूर्ती कमाटीबागेतल्या संग्रहालयात आहेत, तुमच्या गटाला एकदा घेऊन जा. चेहऱ्यांवरून पात्रं सुचतील.

दगडधोंडे

विषय माझ्या जिव्हाळ्याचा, म्हणून जरा लांब लिहितो.

आधी दगडांत फरक करा. तुमच्याकडे खरे स्फटिक, म्हणजे सहा बाजूंचे पारदर्शक क्वार्ट्‌झ, आणि अकीक (अ‍ॅगेट) हे दोन्ही आहेत असं धरतो. दोन्ही सिलिकाच, पण स्वभाव वेगळे. अकीक दख्खनच्या बेसाल्टमधल्या पोकळ्यांत साठत गेला. सुमारे ६.६ कोटी वर्षांपूर्वी लाव्हा थंड होताना वायूचे बुडबुडे अडकले, पुढे पाण्यातून सिलिका झिरपून त्यात थरावर थर बसले. ते पट्टे उघड्या डोळ्यांनी दिसतात. त्याचे कण इतके बारीक आणि इतक्या वेगवेगळ्या दिशांना की अख्ख्या दगडाला एक दिशा नसते. सबंध स्फटिकाला मात्र असते.

म्हणूनच १८८० मध्ये पिएर आणि जाक क्युरी या भावांना दिसलं की क्वार्ट्‌झचा स्फटिक ठराविक दिशेने दाबला की त्यावर विद्युतभार येतो. उलटही होतं, वीज दिली की स्फटिक थरथरतो. आपल्या मनगटी घड्याळातला चिमुकला स्फटिक सेकंदाला ३२,७६८ वेळा कंप पावतो, आणि ती संख्या सोळा हजारात, आठ हजारात अशी निम्मी निम्मी करत घड्याळ एका सेकंदावर येतं. स्वर धरून ठेवणारा दगड ही तुमची कल्पना जगातली बहुतेक घड्याळं रोज खरी करून दाखवतात.

आता तुमच्या कामाची गोष्ट. क्वार्ट्‌झचे स्फटिक डावे आणि उजवे असतात. आतली अणूंची मांडणी मळसूत्रासारखी फिरत जाते, काहींत एका बाजूने, काहींत दुसऱ्या. एकाच तुकड्यात डावा आणि उजवा भाग मिसळले तर दाबल्यावर येणारा भार एकमेकांना मारतो आणि तो तुकडा कामातून जातो. तुमच्या पारख्याचं हे पहिलं काम करा. वरून दोन्ही सारखेच चकचकीत. बाजारात कलिंगडावर टिचकी मारून बघतो तशी इथे टिचकी चालणार नाही, फार खोल परीक्षा लागेल.

आणि एक मर्यादा फुकटात देतो. ५७३ अंश सेल्सियसला क्वार्ट्‌झची आतली रचना एकदम बदलते, दगड फुगतो, आणि घाईने तापवला तर तडकतो. भट्टीवाल्याच्या फाशाला हे जोडा.

भुंगा

दगडधोंडे, जबरदस्त प्रतिसाद! डावा-उजवा ही तर दोन घराण्यांच्या भांडणाची गोष्टच झाली.

तारांगण

आकाशाच्या बाजूने थोडं. योहान्नेस केप्लरने १६११ मध्ये हिमकणाला सहाच कोपरे का असतात यावर एक छोटं पुस्तक लिहिलं, आणि १६१९ मध्ये विश्वाच्या मेळावर मोठा ग्रंथ. एकाच माणसाच्या डोक्यात स्फटिक आणि ग्रहांचं गाणं दोन्ही होतं. ग्रह सूर्याच्या जवळ असताना भरभर चालतो, लांब असताना हळू. या दोन वेगांचं गुणोत्तर केप्लरने काढलं आणि त्यात त्याला स्वरांतरं सापडली. मंगळाचं २:३, म्हणजे षड्ज-पंचम. शनीचं ४:५, म्हणजे षड्ज-शुद्ध गांधार. पृथ्वीचं १५:१६, जेमतेम अर्ध्या स्वराचं अंतर. हे गाणं कानाने ऐकायचं नाही, बुद्धीने ओळखायचं, असं त्याचं म्हणणं. त्याच ग्रंथात ग्रहांच्या कक्षांचा तिसरा नियमही आहे, तोच आजही शिकवतात.

तुमच्या ग्रहांना मनाने स्वर वाटून देऊ नका, हे घ्या. शनीला गांधार द्याच.

खरज

गाणारी आहे, बडोद्यातल्या सूरसागर तलावाच्या काठी शिकले. मौलाबक्षांनी १८८६ मध्ये सयाजीराव महाराजांच्या आश्रयाने जी गायनशाळा काढली, तिचाच वारसा आजच्या विद्यापीठाच्या संगीत विभागाकडे आला. त्यांचे नातू इनायत खान १८८२ मध्ये इथेच जन्मले आणि नाद हाच विश्वाचा पाया आहे हे सांगत युरोप-अमेरिकेत फिरले. तेव्हा मांडवीकर, तुमची श्रेणी बडोद्यात असणं मला अगदी साहजिक वाटतं.

मेळाबद्दल बोलते. सगळ्यांनी एक सूर लावला म्हणजे मेळ, असं तुमच्या गटातली पोरं धरतील. तसं करू देऊ नका. तानपुरा घ्या. चार तारा. पहिली पंचमाला, मधल्या दोन जोडीच्या षड्जाला, शेवटची खरजाला, म्हणजे खालच्या सप्तकातल्या षड्जाला. जवारीवर, म्हणजे तारा टेकतात त्या घोडीवर, तारेखाली सुताचा धागा असतो, तो केसभर पुढेमागे सरकवत राहायचं. आधी आवाज कोरडा येतो, मग भरतो, आणि एका क्षणी खोली उजळल्यासारखी होते. तेव्हा कान देऊन ऐका, गांधार ऐकू येतो. चारपैकी एकही तार गांधाराला लावलेली नसते. तो मुख्यतः खरजाच्या तारेतून उठतो, तिच्या पाचव्या उपस्वरातून. आम्ही त्याला स्वयंभू गांधार म्हणतो. गुरूंकडे पहिल्यांदा तो ऐकू आला तेव्हा मी वाजवणं थांबवलं होतं, कोण गातंय ते बघायला.

तुम्ही विचारलंत मेळ साधला हे कसं कळावं. असं कळावं. श्रेणीतल्या कुणीच न लावलेला स्वर ऐकू येतो. हट्टाने कुणी गांधार लावायला गेलं तर तो साधा गांधार, त्यात जादू नाही.

तारांगण

खरजताई, अंगावर काटा आला. केप्लरच्या शनीचा गांधार तो हाच.

मांडवीकर

खरजताई, तारांगण, दोघांचे मनापासून आभार. हे जसंच्या तसं घेतो. मेळाची खूण ठरली.

किंमतीचं अजून अडलेलंच आहे. माझ्या डोक्यात होतं की स्वरधाऱ्याचं आयुष्य प्रत्येक मंत्राला थोडं कमी व्हावं.

नर्मदाकाठ

मांडवीकर, किंमत तुमच्या यादीतच बसली आहे, तुम्ही तिच्यापाशी थांबला नाहीत. तुमच्या यादीत घासणारे आहेत.

मी भरूच जिल्ह्यातला. झगडिया तालुक्यात आमच्याकडे रतनपूर आहे, तिथल्या खाणींतला कच्चा अकीक पिढ्यान् पिढ्या खंभातला जातो. टेकडीवर बाबा घोरचा दर्गा आहे. सिद्दी, म्हणजे मूळचे आफ्रिकेतून आलेले लोक, त्याला आपला पीर मानतात, अकीकच्या धंद्याशी त्याचं नाव जोडलेलं आहे, त्याची बहीण माई मिस्रा हिचं ठाणंही तिथेच. धमाल, म्हणजे सिद्दींचा नाच, सुरू झाली की ढोलाबरोबर मलुंगा वाजतो. मलुंगा म्हणजे एकच तार ताणलेलं धनुष्य, खाली भोपळा. आफ्रिकेतून आलेलं वाद्य आहे. तुमच्या श्रेणीत एक मलुंगा वाजवणारी हवीच.

खंभातमध्ये मी दगड फोडताना जवळून पाहिला आहे. जमिनीत तिरकी रोवलेली लोखंडी सळी, वर टोक. कारागीर मांडी घालून बसतो, डाव्या हाताने दगड त्या टोकाला टेकवतो आणि उजव्या हातातल्या शिंगाच्या हातोडीने वरून हलका ठोका देतो. हातोडी दगडाला वरून लागते, पण कपची उडते आतल्या बाजूने, टोक टेकलेलं असतं तिथून. ठोका, दगड जरा फिरवला, ठोका. बोलत बोलत चाललेलं. बघता बघता ओबडधोबड गोट्याचा मणी होतो. त्याआधी दगड उन्हात वाळवलेला, मग मडक्यांत घालून शेणाच्या आचेवर भाजलेला असतो. आतलं लोह तापून लाल होतं, म्हणून अकीक लाल. लोथलला हडप्पा काळातलं मण्यांचं कारखानाघर सापडलं आहे. सिंधू संस्कृतीतले लाल मणी मेसोपोटेमियात ऊरच्या राजकबरींपर्यंत पोहोचले.

पण घासणं वेगळं. चाकावर दगड कोरडा घासला की सिलिकाची बारीक धूळ उडते. ती दिसतसुद्धा नाही, छातीत जाऊन बसते. सिलिकोसिस म्हणतात. फुफ्फुसं आतून कडक होत जातात, औषधाने मागे फिरत नाहीत. त्याच घरात बायका, पोरं असतात, त्यांच्या श्वासातही तीच धूळ. माझ्या ओळखीतले एक घासणारे चाळिशीत जिना चढू शकत नव्हते. पूर्वी भजनात पहाडी आवाज लावायचे.

तुमची श्रेणी श्वासावर चालते, आणि तिचा दगड कुणाचा तरी श्वास घेऊनच चकचकीत होतो. स्वरधारी समोर बसून गाणार, आणि ज्याने दगड तयार केला तो भिंतीपलीकडे खोकत असणार. किंमत शोधायला वेगळं कुठे जायला नको.

भुंगा

नर्मदाकाठ, तुमचा प्रतिसाद वाचून गप्प झालो. तरी मनात येतं ते लिहितो. आम्ही आठवडाभर नोकरीत पिचतो, रविवारी दोन घटका दुसऱ्या जगात जायचं असतं. तिथेही खरा आजार आणायचा का? एखाद्या खेळणाऱ्याच्या घरात कुणी असं गेलेलं असेल तर त्याला काय वाटेल?

नर्मदाकाठ

तुमची काळजी रास्त आहे. खेळणाऱ्यांना आधी विचारावं, आणि कुणी नको म्हटलं तर तो भाग सोडावा. पण माझं म्हणणं आजार दाखवा एवढंच नाही. कल्पनेतली श्रेणी आहे ना? मग तिथे तरी घासणाऱ्याला आत घ्या. खऱ्या जगात जे झालं नाही ते तिथे करून बघता येईल.

दगडधोंडे

पूर्ण सहमत. एक तपशील जोडतो. पाणी सोडत घासलं की धूळ हवेत फारच कमी जाते. धूळ ओढून घेणारी व्यवस्थाही करता येते. तेव्हा श्रेणीत पाणी सांभाळणारा हवा, आणि त्याचा मान स्वरधाऱ्याइतका हवा.

खरज

काल रात्रभर नर्मदाकाठ यांचं लिहिणं डोक्यात घोळत होतं. गांधार खरजातून उठतो हे मीच वर लिहिलं. खरजाची तार सगळ्यांत जाड, सगळ्यांत खाली, तिच्याकडे कुणाचं लक्ष नसतं. ती जरा उतरली की पंचम कितीही सुरेल असो, गांधार येत नाही. घासणाऱ्याला खरजावर बसवा. तो नुसता ‘सा’ धरेल. त्याचा दम तुटला तर समोर कितीही मोठा गवई असू दे, मेळ नाही.

आणि शनी हा कष्टकऱ्यांचा ग्रह, असं आपल्याकडे मानतातच. तारांगण यांनी त्याला गांधार दिलाच आहे.

भुंगा

हे मात्र पटलं. असं असेल तर मी स्वतः घासणाऱ्याचं पात्र घेऊन खेळेन.

मांडवीकर

मंडळी, आता खेळाचे नियम बांधतो. चुकत असेल तिथे टोका.

विधीच्या वेळी बसलेल्या प्रत्येकाने एक फासा टाकायचा. नेहमी आम्ही बेरीज धरतो. इथे धरायचा तो सगळ्यांत कमी पडलेला फासा. श्रेणीची ताकद तेवढीच. स्वरधाऱ्याला सहा पडले आणि घासणाऱ्याला दोन, तर विधी दोनाचा.

प्रत्येक पात्राकडे ठराविक श्वास असतील, वहीत टिंबं काढून. आपला श्वास खर्चून दुसऱ्याचा फासा एकाने वाढवता येईल. स्वतःचा फासा वाढवता येणार नाही. घासणाऱ्याचे श्वास प्रत्येक नव्या दगडामागे एकाने कमी होतील, पाणी सांभाळणारा हजर असेल तर होणार नाहीत. विधीसाठी एक आकडा मी आधीच ठरवून झाकून ठेवीन. सगळ्यांत कमी फासा त्या आकड्याला पोहोचला की गांधार उठतो. खेळणाऱ्यांपैकी कुणी ‘मी गांधार लावतो’ म्हणालं की विधी तिथेच संपला.

भट्टीवाल्याने घाई केली तर दगड तडकेल, ५७३ अंशांचा फासा वेगळा. डावा-उजवा मिसळलेल्या दगडाला गांधार येणारच नाही, फासे कितीही चांगले पडोत. पारख्याची चूक तेव्हाच कळेल.

पाणीगेट

कमी फासा धरायचा ही कल्पना आवडली, पण नवीन मुलाला एक पडला की त्याचं तोंड उतरेल. सगळे त्याच्याकडे बघणार.

मांडवीकर

बघणारच, आणि मला तेच हवं आहे. त्याच्याकडे बघून पाचजण आपली टिंबं खोडतील. नेहमीच्या खेळात ज्याला सहा पडला त्याच्याकडे बघतात. त्या पोराला आधी सांगून ठेवू की एक पडणं ही गोष्ट पुढे न्यायची संधी आहे, त्याच्या पात्राला त्या क्षणी बोलायला मिळेल.

खरज

श्वास देताना देणाऱ्याने काहीतरी म्हणायला हवं, नुसतं टिंब खोडणं कोरडं वाटेल. आपल्या पात्राची एक आठवण सांगावी. तेवढाच सूर.

मांडवीकर

घेतलं.

तारांगण

ग्रह कोणता ढळला हे पात्रांना कसं कळेल? माझं सुचवणं: वराहमिहिराच्या बृहत्संहितेत ग्रहांच्या चालीची फळंही आहेत आणि रत्नपरीक्षाही. तुमच्या श्रेणीच्या ग्रंथघरात तशी एक पोथी ठेवा. चालुक्य राजा सोमेश्वराचा मानसोल्लासही चालेल. त्यात रत्नं आहेत, संगीतही आहे, आणि तो बडोद्याच्याच गायकवाड प्राच्यविद्या मालेत छापला गेला.

मांडवीकर

मानसोल्लास माझ्या मनातच नव्हता, फार योग्य. बाराव्या शतकातला ग्रंथ आमच्या काळाच्या पुढचा आहे, पण काल्पनिक गाव आहे, पोथी आधी पोहोचली असं धरू.

कामं वाटून घेऊ या का? नर्मदाकाठ, रतनपूरची टेकडी आणि मलुंगावाली तुम्हीच लिहा, दुसऱ्या कुणाला ते जमणार नाही. दगडधोंडे, पारख्याच्या परीक्षा तुमच्याकडे, डावा-उजवा ओळखायच्या तीन-चार रीती द्या, एखादी फसवी असली तरी चालेल. गाव मी लिहितो. मांडवी मधोमध, चारी बाजूंना लहेरीपुरा, पाणीगेट, चांपानेर आणि गेंडीगेट हे दरवाजे, घासणाऱ्यांची वस्ती पाणीगेटला लागून, म्हणजे पाणी जवळ.

नर्मदाकाठ

लिहितो. एक अट. मलुंगावाली श्रेणीत पाहुणी म्हणून नको, पहिल्या दिवसापासून सभासद हवी.

मांडवीकर

मान्य. तिची मुद्रा ज्येष्ठकाच्या, म्हणजे श्रेणीच्या प्रमुखाच्या, मुद्रेशेजारीच उमटेल. शुक्रवारपर्यंत पाठवा, या रविवारी पहिला विधी शनीचा ठेवतो.